कौलं वहिनीला शिकवलीत

बाबा, काल लालबागला गेले होते. वहिनीने चहा ठेवला आणि तुमच्या कौलांचं पुराण लावलं. मातीत चुनखडीचा खडा राहिला तर पावसात फुगून कौल कसं फोडतो, रेती जास्त पडली तर ते कसं ठिसूळ होतं, सगळं तुमच्याच सुरात. मधे घसा खाकरायची तुमची सवयसुद्धा तिने उचलली आहे. तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली आणि अजून तुम्ही तिच्याच तोंडून बोलता. माझ्या अंगाचा तिळपापड होतो.

संपात मिल बंद पडली आणि जन्मभर साच्यावर उभे राहिलेले तुम्ही भायखळ्याच्या कौलांच्या वखारीत कामाला लागलात. दादाचं नुकतंच लग्न झालेलं, मी कॉलेजात. तुमचा डबा घेऊन आम्ही नणंद-भावजय यायचो. वखारीत नवा माल उतरला की तुम्ही मंगलोरी कौलाची कड जिभेला लावून बघायचात. नीट भाजलेलं चिकटत नाही, कच्चं राहिलेलं जीभ धरून ठेवतं. एकदा मीही तुमचं बघून एक कौल उचललं, जीभ लावली. तुम्ही ते हिसकावून घेतलंत. "शी! टाक ता! तुका हंय कोणी बोलवल्यान? घरी जा, पुस्तक उघड!" सगळी वखार हसली. आणि तेच कौल तुम्ही वहिनीपुढे धरलंत. "सूनबाई, तू बघ गो. चिकटता काय?"

तिने डोळे मिटून जीभ लावली, प्रसाद घ्यावा तशी. "चिकटता, बाबा."

तुमचा चेहरा असा खुलला! त्या दिवसापासून डबा घेऊन गेलेली वहिनी संध्याकाळीच तुमच्याबरोबर परतू लागली. वाटेत तुम्ही दोघं मातीबद्दल बोलत यायचात, चाळीच्या जिन्यापर्यंत ऐकू यायचं. मी पुस्तक उघडून बसलेली असायचे आणि एक अक्षर डोक्यात शिरायचं नाही. पास झाले, ऑफिसात लागले, ठाकूरद्वारला दिली गेले. प्रत्येक वेळी तुम्ही मजल्याभर पेढे वाटलेत. पेढ्यांचं काय, ते तुम्ही शेजारच्यांनाही दिलेत.

काल न राहवून वहिनीला बोललेच, "बाबांनी सगळं तुलाच दिलं."

तिने कप खाली ठेवला. "मला दिलं? वन्सं, तुम्ही येणार म्हटलं की ते दुपारपासून धुतलेला सदरा घालून बसायचे. 'चेडू येतला, घर झाड,' म्हणून माझ्यामागे भुणभुण. मी सगळा जन्म त्यांना फाटक्या गंजीफ्रॉकात बघितलं. माझ्यासाठी कधी एक बटण लावलं नाही त्यांनी. मला काय वाटत असेल?"

म्हणजे इतकी वर्षं ती माझ्यावर जळत होती. मला बरं वाटायला हवं होतं. पण जिना उतरताना मनात एकच आलं, सदरा माणूस पाहुण्यांसाठी घालतो.

हे पत्र आता कुठे टाकणार! वहिनीला तर मुळीच दाखवणार नाही. आपल्या वाट्याला कमी आलं असं तिला वाटतंय, तर वाटू दे. मला तुम्ही त्या फाटक्या गंजीफ्रॉकात हवे होतात, बाबा.