गाळ नव्हे, वाळू

११ मार्च

प्रिय दादा,

नमस्कार. पत्राला कारण मोठं आहे, पण ते एकदम लिहायला हात धजत नाही, म्हणून आधी घरचं सांगते. आईचा खोकला गेला. न्हाणीघराचं काम निम्म्या भिंतीवर येऊन थांबलंय. गवंड्याने नेहमीप्रमाणे तोंड लपवलंय. तू फोन उचलत नाहीस. वहिनी म्हणते, कामात आहेस. असशील.

नदीची बातमी तुला माझ्याआधी कळली असेल. आपल्या बाजूचा काठ पुन्हा ढासळला. पुलाचा मधला खांब पायापासून उघडा पडलाय. शाळेतल्या पोरांना मी पुलावरून एकेक करून नेते आणि शेवटचं पोर पलीकडे पोचेपर्यंत श्वास धरून उभी राहते. मनाई हुकमामुळे तुझं यंत्र काठावर उभं आहे, ते तुला खुपतंय हे मला कळतं. परवाना फक्त गाळ काढायचा, वाळूला हात लावायची मुभा नाही; आणि तू गाळच काढलास, असं तुझे वकील दर तारखेला सांगतात. उपसा थांबवायचा अर्ज मीच केलाय, त्यामुळे ते समोर बसून ऐकावं लागतं. अंगाचा तिळपापड होतो.

आता आईने काय घोळ घातला ते ऐक. कोर्टाने नेमलेले पाहणी अधिकारी उन्हातून आले आणि पाणी प्यायला आपल्या पायरीवर टेकले. आईला वाटलं, गवंड्याने पाठवलेला कुणी माणूस आहे. न्हाणीघरासाठी तू पाठवलेला अंगणातला ढीग दाखवून म्हणाली, "थोरल्याने पाठवलीय, नदीतली. गाळबीळ नाही हो, चांगली वाळू आहे. चाळायचीसुद्धा गरज नाही." वर मूठभर त्यांच्या तळहातावर ओतलीही. त्यांनी शब्द न शब्द अहवालात लिहिला. लेकाचं कौतुक करायला गेली आणि लेकालाच अडकवून बसली.

मला हसू आलं होतं रे. तुझं प्रतिज्ञापत्र येईपर्यंत.

"आईचे वय झाले असून तिला कशाचेही भान राहत नाही." खाली तुझी सही. गल्लीतल्या प्रत्येक पोराचा जन्मदिवस जिला तोंडपाठ, तिला भान नाही? वकिलांनी लिहून दिलं असेल. पण सही करताना हात तुझा होता. लाज कशी वाटली नाही तुला?

सोमवारी आईची साक्ष आहे. तिला भान आहे की नाही, ते न्यायाधीश स्वतः बघणार आहेत. आहे असं ठरलं, तर उपसा बंद होईल आणि खोट्या शपथेबद्दल तुझ्यावर खटला होऊ शकतो. नाही ठरलं, तर तुझं यंत्र पुन्हा पाण्यात उतरेल, आणि तो पूल पुढचा पूर काढणार नाही.

तुझ्या सहीचं मी तिला सांगणार नव्हते. तिने माझ्या वकीलबाईंकडून कागद वाचून घेतला. रडली नाही. "सही त्याचीच आहे?" एवढंच विचारलं.

काल तिने मला मावशीच्या नावाने हाक मारली. मी धावत जाऊन तिचा हात धरला, तर दाराकडे एकदा बघून हळूच म्हणाली, "जमतंय ना?"

दादा, ती सराव करतेय. तुझं खोटं खरं ठरावं म्हणून आपली आई चारचौघांत वेडी ठरायला निघाली आहे. "तुरुंगात धाडायला का मी त्याला वाढवलं?" म्हणते. मी भांडले, पाया पडले, ती ऐकत नाही. वकीलबाईंना सांगायला हवं. पण सांगितलं तर या वयात कोर्टात खोटारडी ठरेल ती. मला काही सुचत नाही. फार भीती वाटतेय.

सोमवारच्या आत ये आणि तो कागद मागे घे. पुढे जे होईल त्यात मी तुझ्या शेजारी उभी राहीन, अर्ज मात्र मागे घेणार नाही. माझ्यासाठी येऊ नकोस, नदीसाठीही नको. सगळ्यांसमोर एकदा म्हण, आमची आई शहाणी आहे.

तू म्हटलंस तरच ती वेडाचं सोंग घ्यायचं थांबवेल.

तुझी बहीण,
बारकी