पटकथा: बोक सन-इम

मी, प्यो इन-हो, वय ७६ वर्षे, धंदा चित्रपट दिग्दर्शन, राहणार मोकपो, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. यकृत गेले आहे, डोके ठिकाणावर आहे. हे लिही म्हणून कोणाचा दबाव नाही. लिहू नको म्हणून मात्र आहे.

१. राहते घर व बँकेतील ठेव माझी मुलगी हे-रान हिला. माझे आजारपण तिनेच काढले. "बाबा, चव्वेचाळीस वर्षांपूर्वीचं कशाला उकरताय? लोक थुंकतील तुमच्यावर," असे ती म्हणते. थुंकू देत.

२. निर्माता ग्वाक याला काही नाही. त्याने मला न विचारता माझ्या शेवटच्या चित्रपटातली वीस मिनिटे कापली. अंत्यविधीला आलाच आणि जेवायला बसला, तर उठवू नये.

३. मिठागरातल्या बायकांवरच्या माझ्या पहिल्या चित्रपटावर 'लेखन व दिग्दर्शन: प्यो इन-हो' असे आहे. त्यातले लेखन खोटे. पटकथा बोक सन-इम हिची. विचारलेच तर 'दोघांनी लिहिली' असे सांगायचे आमचे ठरले होते. १९७५ साली सेन्सॉरच्या कचेरीत अधिकाऱ्याने एका संवादावर बोट ठेवले. "हे सरकारविरोधी वाक्य कोणाचं?" मला कोणी हातही लावला नव्हता. तरी मी म्हणालो, "तिचं."

तिला अकरा दिवस कोंडले. सुटल्यावर कोणी काम दिले नाही. मी चित्रपटावरून तिचे नाव काढून टाकले, सेन्सॉरच्या साहेबांना हवा तसा शेवट लिहून दिला आणि पारितोषिक घेऊन आलो.

या वसंतात तिच्या खानावळीत गेलो. तिने कालवांचे सूप पुढे ठेवले. "आधी खा. मग रड."

"सन-इम, तुझं नाव परत लावतो."

"लाव. माझंच आहे, तू मेहेरबानी नाही करत. पण माझ्या पटकथेतली बाई शेवटी होडीत बसून निघून गेली होती, इन-हो. तू तिला परत आणलंस, मुकादमाच्या पाया पडायला लावलंस. ते माझ्या नावावर नको."

४. सबब, पटकथेचे सर्व हक्क बोक सन-इम हिला. यापुढे प्रत्येक प्रतीवर लेखिका म्हणून तिचेच नाव असावे. शेवटची चार मिनिटे तेवढी माझी. ती सुरू होण्याआधी पडद्यावर स्पष्ट लिहावे: 'येथून पुढचे प्यो इन-हो याने लिहिले.'

वरील मजकूर वाचून, समजून शिक्का उमटवला आहे.

प्यो इन-हो

साक्षीदार:
१. मेंग चुन-गिल, संकलक
२. ओक मी-ह्यांग, डॉक्टर

मोकपो, ९ नोव्हेंबर २०१९