भिंतीपलीकडचे हे

२ एप्रिल
नवं घर मस्त आहे. दोनच खोल्या, पण उजेड भरपूर. ताईने भांडी लावून दिली, पडदे मी टांगले. हे गेल्यापासून जुन्या घरात जिकडेतिकडे त्यांचीच खुर्ची, त्यांच्याच चपला. इथे तसलं काही नाही. बरं वाटतंय. सोमवारपासून चष्म्याच्या दुकानात कामाला जायचं.

६ एप्रिल
दिवसभर काचा पुसते, फ्रेमचे स्क्रू बसवते. मालक म्हणाले, हात हलका आहे तुमचा. शेजारच्या काकू जिन्यात भेटल्या. त्याही एकट्याच, काका जाऊन वर्षं झाली. दोघींनीही फार चौकशी केली नाही. जमेल आमचं.

११ एप्रिल
सुट्टी. दुपारी इस्त्री करताना भिंतीपलीकडे कुणीतरी पुरुष खाकरला. बोलायच्या आधी हे खाकरायचे, अगदी तसा. टीव्ही असेल. काही वाटलं नाही. उरलेल्या कपड्यांना इस्त्री केली.

१५ एप्रिल
काकूंच्या पिशवीत दाढीचा साबण दिसला. सहज म्हणाल्या, "हे परत आलेत." बरं झालं, म्हटलं. बिचारीच्या डोक्यावर परिणाम झाला असावा.

१९ एप्रिल
काकू निम्म्या झाल्यात. हात बर्फासारखा लागला. हे जेवत नाहीत म्हणाल्या, नुसते खेटून बसतात. मग लाजल्या. "या वयात मला चिमणे म्हणतात. पूर्वी कधी म्हणाले नव्हते."
चिमणे मला म्हणायचे. तेही फक्त हेच.
घाबरायला हवं होतं. राग आला. दार चुकले की काय हे?

२१ एप्रिल
काकूंना सांगून टाकलं, ते माझे आहेत. त्यांनी वाद घातला नाही. "मग घेऊन जा गं," एवढंच म्हणाल्या. भर उन्हाळ्यात त्यांचे दात वाजत होते.

२२ एप्रिल
काकू गेल्या. सकाळी भाच्याने दार तोडलं. डॉक्टर म्हणाले, अंग गारठून गेल्या. या उकाड्यात. दाराला नवं कुलूप लावून सगळे गेले. घरात कुणी नाही.
आत कुणीतरी खाकरलं —

२३ एप्रिल
कामावर गेले नाही. ताईला फोनवर सगळं सांगितलं. असशील तशी निघ म्हणाली. बॅग भरली, पण —

दुपार. माझ्या दाराशी खाकरणं. मग त्यांचा आवाज.
"चिमणे, घर बदललंस. सांगितलं नाहीस."

उघडू नये. कळतंय मला.
दाराखालून गारवा येतोय. पायांना लागायला हवा — लागत नाही. हे गेल्यापासून ऊब उरलीय कुठे माझ्यात, त्यांनी न्यायला —

"आले हो," म्हटलं.
कडी काढली. परत येऊन लिहायला बसले. दार ढकल—