शेवाळात न अडकणारी माशी

रविवार, संध्याकाळ

आज या घरात संशोधनावर बंदी आली. शेवाळ म्हणून बादलीत बुडवलेली मेथी हिने उचलून नेली. "भाजीत गळ निघाला तर तुम्हालाच वाढीन." आता शेपूवर भागवतोय, शेपूला इथे कोणी वाली नाही.

साहेबरावाचा उजवा हात लुळा पडल्यापासून शेवाळात अडकलेला गळ त्याला सोडवता येत नाही. परवा म्हणाला, "आता बास गड्या. तू एकटाच जात जा धरणावर. मासे तुला भेत न्हाईत, तेवढीच त्यांची करमणूक."

तेव्हापासून चैन नाही. मला गळ टाकायला त्यानेच शिकवलं. माशांना भुलवायला गळावर पिसांची खोटी माशी बांधून, गळ शेवाळात अडकू नये म्हणून त्याच्या टोकापुढे नायलॉनचा आडोसा लावतोय. ताठ झाला तर मासा लागणार नाही, मऊ राहिला तर शेवाळ धरेल. सोडला, पुन्हा बांधला. अजून ताठच. आणि एवढं करून साहेबराव आलाच नाही तर?

शेवटी आडोसा बेताचा जमला. त्याच्यासारखी नुसत्या डाव्या हाताने माशी शेपूतून ओढून पाहिली. कुठेही न अडकता आली.

साहेबरावाच्या ओट्यावरच्या गळाच्या काठीला ती बांधून आलो. हाक मारली नाही.