छातीतला वायू

५ ऑगस्ट १९८२, उदगीर
सकाळपासून उजव्या कुशीत टोचून राहिलंय. श्वास आत घेतला की सुई, सोडला की गप. वायू हाय. कालचं पिठलं. ओवा खाल्ला. उद्या खलास.

८ ऑगस्ट
खलास न्हाई. ठरवलं, श्वास अर्धाच घ्यायचा. शेजारचा अडत्या ईश्वरप्पा म्हणे, हार्ट असंल. त्याला विचारलं, हार्ट डावीकडं असतं, शाळेत गेला व्हतास का? तो म्हणे, तुम्ही तरी चौथीच्या पुढं कुठं गेलात! थू. असल्यानं माल तोलावा.

१२ ऑगस्ट
संध्याकाळी ताप. खोकला. दुष्काळात टँकरचं गढूळ पाणी, दुसरं काय! बायकोनं, उमादेवीनं, नातीला माझ्या बाजेवरून उचलून न्हेलं. म्हणे, टीबी असला तर? आमच्या खानदानात कुणाला झाला न्हाई, म्हटलं. म्हणे, सुरुवात कुणीतरी करतंयच की. लई बोलती. पोरगी दारातून हात हलवून राहिली.

१७ ऑगस्ट, लातूर
लातूर आता जिल्हा. माशा तालुक्याच्याच. डॉक्टर म्हणे, श्वासाबरोबर दुखतंय म्हंजे फुफ्फुसाच्या पडद्याला सूज असंल, पाणी असंल, बरगडी असंल, हार्टबी बघू. एवढी कारणं सांगतो म्हंजे एकबी माहीत न्हाई. एक्स-रेवाला म्हणे, गळ्यातलं काढा. इष्टलिंग हाय, चांदीच्या डबीत, जन्मापासून अंगावर. न्हाई म्हंजे न्हाई. म्हणे, मग हातात तरी धरा. मला शिकवतो! छातीवरच ठेवलं.

१८ ऑगस्ट
फोटोत डबी लख्ख. खाली काहीच दिसत न्हाई. म्हंजे छातीत काही न्हाई. फुकटचा हेलपाटा. डॉक्टर म्हणे, डबी नेमकी दुखऱ्या जागेवर आलीया, परत काढू. म्हटलं, देवानं झाकलंय ते तुम्ही कशाला बघता? उमादेवीनं हात जोडले. मला न्हाई, डॉक्टरला.

२१ ऑगस्ट
आडवं पडून श्वास येईना, बसूनबी येईना. डबी मुठीत, मूठ डोक्यावर, असा फोटो काढला. लिंग अंगावरच राहिलं. ही म्हणे, एक्स-रेवाला तेच सांगत व्हता. म्हटलं, त्यानं सांगितलं, सुचलं मला.

२३ ऑगस्ट
पाठीतून सुई घातली. दीड लोटा पिवळं पाणी निघालं. शिसारी आली. श्वास मात्र सरळ. टीबीच म्हणे. वर्षभर औषध, नात इतक्यात जवळ येणार न्हाई. हिला म्हटलं, बघ, वायूच व्हता, निघाला.
ही म्हणे, वायू लोट्यात मावत न्हाई.