आरामखुर्चीचा निळा रंग आणि सासरे

ती. मामांना, गुडघे साथ देतील तेवढा वाकून नमस्कार.

तुमचा खोकला कसा आहे? मामीची कंबर? इकडे बाकी सगळं ठीक. फक्त बायको रुसली आहे. पण तिला माहेरी जाता येत नाही, कारण माहेर म्हणजे तिचे वडील, आणि ते महिनाभर आमच्याकडेच आहेत.

झालं असं, की जुन्या आरामखुर्चीला निळा रंग द्यायचं माझ्या मनात आलं. तिचं पॉलिश इतकं चकचकीत, की मी त्यात बघून भांग पाडत असे. दुकानदार म्हणाला, आधी काचपेपरने घासा, ओल्या फडक्याने पुसा, वाळलं की प्रायमर लावा आणि मग रंग. मी विचार केला (माझं सगळं इथेच बिघडतं) की मुळात गुळगुळीत असलेली वस्तू मुद्दाम खरखरीत कशाला करायची? थेट रंग फासला, तोही दोन जाड हात, लागोपाठ. दुसऱ्या दिवशी बोट लावून पाहिलं, तर वाळलेला. (मी नुसतं बोट लावलं होतं. सासरे काही बोटावर बसत नाहीत.)

ते बसले पेपर घेऊन, पांढऱ्या पँटीत, चांगले दीड तास. लग्नाला नऊ वर्षं झाली, पण हा माणूस माझ्याशी हवापाण्यापलीकडे बोललेला नाही. दाराची बेल वाजली, ते उठले, आणि खुर्चीही उठली.

"जावईबापू," ते अगदी शांतपणे म्हणाले, "ही माझ्याबरोबर का येतेय?"

बायकोने वडिलांना धरलं, मी खुर्चीला, आणि दारातल्या शेजारीणबाईंनी स्वतःचं हसू. टर्रकन आवाज झाला. बैठकीचा रंग सगळा पँटीला आणि खाली पॉलिश जसंच्या तसं, चकचकीत! मला खुर्चीचाच राग आला.

वरच्या मजल्यावर काम करणाऱ्या रंगाऱ्याला बोलावलं. त्याने उरलेला रंग दुधावरच्या सायीसारखा नखाने सोलून दाखवला. "साहेब, चमकेवर रंग धरत नाही. आधी चमक मारायची." आणि काचपेपर त्याने माझ्याकडे एकवार बघून सासऱ्यांच्या हातात दिला.

मामा, सासऱ्यांनी दोन दिवस खुर्ची घासली. लाकडाच्या रेषा धरून, हलक्या हाताने. मी फडका घेऊन मागे. मग प्रायमर, मग रंगाचे दोन पातळ हात, मध्ये अख्खा एक दिवस सोडून. खुर्ची अशी देखणी झाली आहे, की मला तिच्यावर बसायला बंदी आहे. आणि सासरे बोलू लागले! "इथे घास", "तिथे पूस", "तुझा हात जड आहे." मला एकदम भरून आलं.

पण आता ते थांबत नाहीत. स्टूल झालं, चपलांचं कपाट झालं. काल बायकोचं ड्रेसिंग टेबल झालं (रुसव्याचं कारण ते). आज सकाळी शेजारीणबाईंच्या दारावरून हात फिरवत "चमक फार आहे" असं पुटपुटत होते.

असो. प्रकृतीला जपा.

तुमचा भाचा

ता. क. : त्यांना थोडे दिवस हवापालटासाठी तुमच्याकडे बोलवाल का? तुमच्या शिसवी कपाटाचा विषय मी सहज बोलता बोलता काढला होता. त्यांना ते फारच आवडलं.

ता. ता. क. : उत्तराची घाई नाही. हे पत्र त्यांच्याच हाती पाठवतो आहे. पाकीट बंद आहे, तेव्हा तुम्ही निवांत वाचा. फक्त वाचून होईपर्यंत त्यांना कपाटाच्या खोलीत एकटं सोडू नका.