निळा, नारंगी, हिरवा, तपकिरी

उमरखेड, ६ नोव्हेंबर २००६

मुलींच्या शाळेत संगणक आले. मुख्याध्यापक सावळे (यापुढे मु.अ.; पूर्ण लिहिण्याचे श्रम वाया) दारात येऊन म्हणाले, "मॅडम, तुम्ही टेलिफोन एक्स्चेंजमधल्या. वायरिंगवर लक्ष ठेवाल का?" निवृत्त होऊन चार वर्षं झाली, कामाचं काही विचारायला कोणी आलं ते हे पहिलंच. विचार करून सांगते म्हटलं. विचार वगैरे केला नाही. इस्त्रीची साडी काढून ठेवली.

८ नोव्हें.

काम रफिककडे. बसस्टँडजवळ टीव्ही दुरुस्तीचं दुकान, चाळिशीचा, हात स्वच्छ. चोवीस वायरी कार्यालयात आणून सोडल्यात, विस्कटलेल्या वेणीसारख्या. तिथे त्या पॅच पॅनल नावाच्या पट्टीत बसवायच्या, दुसरं टोक खोल्यांतल्या भिंतीवरच्या डब्यांत. दोन्ही टोकांना नंबर चिकटवल्याशिवाय त्याला हात लावू दिला नाही. म्हणाला, "बाई, तुमच्या हाताखाली जे शिकले असतीन ना, रडत शिकले असतीन."

रडत, पण शिकले.

चारला चहा माझ्याकडे. घर शाळेला लागूनच. कप बशीत ठेवताना आवाजही करत नाही हा माणूस.

१० नोव्हें.

वाद. एका वायरीत आठ तारा, चार जोड्या. पॅनलवर रंग नाहीत, नुसते एक ते आठ आकडे. हा हिरवी जोडी फोडून निळीच्या दोन बाजूंना बसवत होता. काय हे?

"असंच राह्यते, बाई."

"काहून?"

"ते मले नाही मालूम. शिकवणाऱ्यानं असंच सांगतलं."

तीस वर्षं एक्स्चेंजमध्ये काढली. जोड्यांचा क्रम ठरलेला: निळा, नारंगी, हिरवा, तपकिरी. झोपेतून उठवलं तरी सांगेन. जोडी फोडली असती तर आमच्या साहेबांनी मला फोडून काढलं असतं. तसं त्याला ऐकवलं. दोन्ही टोकांना क्रम सारखा असला की झालं, यात शिकवणाऱ्याचं काय एवढं!  त्याने बसवलेल्या सहा वायरी उपटून पुन्हा माझ्या क्रमाने बसवल्या.

१३ नोव्हें.

चोवीसही झाल्या. टेस्टर लावला, प्रत्येक वायरीवर आठही दिवे. वायरींचे जुडगे मी स्वतः बांधले, सरळ, एकमेकींवर न चढणारे. आमच्या कॉन्व्हेंटच्या सिस्टर आग्नेस असत्या तर त्यांनाही खोट काढता आली नसती, आणि त्या देवघरातही खोट काढत.

संध्याकाळी रस्ता कापसाच्या गाड्यांनी अडलेला. सरकारी खरेदी परत बंद. गाडीवाले गाडीखालीच झोपतात. कोणाला त्याचं काही?

१५ नोव्हें.

काम संपलं. चारला सवयीने दोन कपांचं आधण ठेवलं. दोन्ही मीच प्यायले.

१७ नोव्हें.

कार्यालयाशेजारच्या खोलीतले संगणक चालतात. मैदानापलीकडच्या वाचनालयातले सहा मात्र मध्येच अडकतात, बंद पडतात. मु.अ. सगळ्यांसमोर रफिकला म्हणाले, "टीव्ही दुरुस्त करणाऱ्याला काम दिलं, माझीच चूक." ढाणकीच्या शाळेत असंच मोठं काम निघालंय, ते रफिकला मिळणार होतं. "त्यांना उद्याच कळवतो, हा माणूस घेऊ नका."

 रफिक हातातला, तारा दाबून बसवायचा पंच पुसत राहिला.

मीही गप्प. का, ते...

१८ नोव्हें.

पॅनलच्या खोक्यात एक पुस्तिका होती, इंग्रजीत. त्याला वाचता येत नाही आणि मी उघडली नव्हती. गावभर कॉन्व्हेंटचा तोरा मिरवणारी मी.

संगणकाला तिसरी आणि सहावी तार एकाच जोडीची लागते. माझ्या क्रमात तिसरी नारंगीतली, सहावी हिरवीतली. दिवे सगळे लागतात, पण लांबच्या वायरीत एका जोडीचं बोलणं दुसरीत शिरतं. हे मला कोणी सांगायला नको होतं. एक्स्चेंजमध्ये कापसाचा भाव सांगणाऱ्या अडत्याच्या फोनमध्ये दुसऱ्याच कुणाच्या बाळंतपणाची बातमी ऐकलीय मी. तेव्हा लाइनमनला किती बोलले होते.

टेलिफोनला एक जोडी पुरते. त्यामुळे तीस वर्षांत माझा क्रम कधी चुकलाच नाही.

२० नोव्हें.

रफिकच्या दुकानात गेले. पुस्तिका समोर ठेवली. म्हणाला, "मले अंदाज होता, बाई."

"मग बोलला का नाहीस?"

"सांगतलं ना. तुम्ही आयकल्यावर ना."

"नंतर? सावळ्यांसमोर?"

त्याने टीव्हीच्या पाठीत डोकं घातलं. तिथूनच म्हणाला, "तुम्ही चारच्या आधीच दारात उभ्या राह्यत होत्या. दुसरी बशी काढून. म्हटलं, आपण गुपचूप बदलून देऊ कधीतरी."

माझी कीव. टीव्ही दुरुस्त करणारा माणूस माझी कीव करतो आणि त्यापायी स्वतःचं काम घालवतो. मूर्ख म्हटलं त्याला. तोंडावर. घरी येईस्तोवर राग उतरला नाही. अजूनही नाही.

२१ नोव्हें.

मु.अ.ना सगळं सांगितलं. हसले. "मॅडम, किती मोठं मन तुमचं, त्याच्यासाठी दोष अंगावर घेताय." पुस्तिका दाखवली, उघडलीही नाही. ढाणकीला पत्र गेलंय म्हणाले. खरं बोलणारी म्हातारी बाई यांना दयाळूच वाटते. दुसरं काही असू शकतं हे डोक्यातच येत नाही.

सतराला तोंड उघडलं असतं तर पत्र गेलंच नसतं.

२३ नोव्हें., ढाणकी

सकाळच्या एस.टी.ने आले. शाळेच्या व्हरांड्यात, मुख्याध्यापकांच्या दाराबाहेर, बाकावर बसून लिहिते आहे. पुस्तिका पिशवीत. रफिकला सांगून आलेले नाही.

शिपायाने चिठ्ठीसाठी नाव विचारलं, काम विचारलं.

"तक्रार आहे."

"कोणाची?"

"माझी."

"हो, तुमचीच. पण कोणाच्या विरुद्ध?"

माझ्याच विरुद्ध, म्हटलं. त्याने माझ्याकडे पाहिलं, मग माझ्या चपलांकडे. चिठ्ठीवर नुसतं लिहिलं, 'उमरखेडच्या बाई', आणि आत नेली.

अर्धा तास झाला. दाराचा पडदा हलला, पण बोलावलं दुसऱ्याच कुणाला.